अनसू, सिमेंट का लावलंस?

अनसू, तुझ्या दहाव्याला कावळ्याने घोळ आणखी वाढवून ठेवला.

नदीवर पिंड ठेवला आणि आम्ही सगळे मागे सरलो. कावळे नव्हते असं नाही. समोरच्या उंबरावर बसून आमची मजा बघत होते, पण एक खाली उतरेल तर शपथ. ऊन चढलं, भटजी घड्याळ बघायला लागले आणि मग ते नेहमीचं सुरू झालं, मेलेल्या माणसाची कोणती इच्छा राहिली ते ओळखायचं. तुझा गणेश हात जोडून म्हणाला, "आई, घर पुरं करतो. भात ठेवायला पायजे होतं ना तुला, तिथंच ठेवू." त्याचं संपायच्या आत आपल्या बचत गटातली कमल म्हणाली, "अनसूबाय, पोरींना शिकवू आमी कूड बांधायला, तू घोर करू नको." आणि तेव्हाच तुझी सून प्राजक्ता, लग्न होऊन आल्यापासून चार माणसांत जिने तोंड उघडलेलं मी पाहिलं नाही, ती मोठ्याने म्हणाली, "आई, मी राहीन त्या घरात." मी काय करत होते? मी तुझ्यावर ओरडत होते. "अगो, शिव आता! किती ताटकळवशील? घरी माणसं उपाशी बसलीत!"

आम्ही सगळे एकाच वेळी बोलत होतो आणि तेवढ्यात एक कावळा झपकन उतरला, शीत उचललं आणि गेला. आता तो शिवला कोणाच्या शब्दाला, ते सांग. गणेश म्हणतो माझ्या. कमल म्हणते माझ्या. प्राजक्ता काही म्हणत नाही, पण तिच्या चेहऱ्यावर दिसतं. भटजी म्हणाले, सगळ्यांचं मिळून पावलं. त्यांना पुढच्या दहाव्याला जायची घाई होती. मला विचारशील तर तू माझ्या ओरडण्याला घाबरून आलीस, पण तसं म्हणायची सोय नाही, कारण जिवंतपणी तू माझ्या ओरडण्याला कधी भीक घातली नाहीस.

घर तसंच उभं आहे बघ. आपल्या दोन घरांच्या मागे, जुन्या गोठ्याच्या जागेवर. लाकडी मेढी रोवलेल्या, वर जुनी कौलं चढलेली, कुडाच्या तीन भिंती लिंपून झालेल्या. पश्चिमेची भिंत तेवढी राहिली. कारवीच्या काठ्या नुसत्या बांधलेल्या आहेत, त्यांच्यातून आरपार शेत दिसतं. पावसाआधी त्यांना दोन्ही बाजूंनी शेणमाती लागली नाही तर झड सरळ आत येईल आणि बाकीच्या तीन भिंतीही बसतील. दहाव्याहून आलो त्याच दुपारी गणेश माझ्या ओट्यावर येऊन बसला. म्हणाला, "मोठी आई, तुला सांगितलं असंल ना तिनं? काय करायचंय ह्या घराचं? ठेवू का काढू? काढायचं असंल तर आताच काढतो, टेम्पो लावायला जागा व्हईल." मी म्हटलं, सांगते. पण काय सांगू? तू मला सांगितलं होतंस कुठे?

प्रत्येकाला तू वेगळंच सांगून गेलीस. गणेशला भाताचं कोठार. कमलला आणि गटातल्या बायकांना, आपल्या पोरींना हे यायला पाहिजे, आपल्यानंतर कोणाला येणार नाही. मुरबाड रोडच्या त्या फार्महाऊसवाल्याला, नमुना आहे साहेब, बघून घ्या, तुमच्याकडे अशीच बांधून देऊ. प्राजक्ताला काय सांगितलंस ते ती अजून उघड बोलत नाही. आणि मी विचारलं तेव्हा? "अनसू, खरं सांग, कोणासाठी चाललंय हे?" असं मी चिखल तुडवता तुडवता विचारलं होतं. तू खाली बघून म्हणालीस, "चिखल घट्ट झालाय बाय, पाणी घाल."

ताकास तूर लागू द्यायची नाही, ही तुझी जुनी खोड. मोठी जाऊ मी, पण आपल्या घरात मनातलं झाकून ठेवायचा मान कायम तुझ्याकडे.

सुरुवात तरी कशी झाली, आठवतं? गणेशने गोठा पाडायला काढला होता. म्हशी विकल्या, पत्र्याची शेड नको झाली. पत्र्याच्या आत जुना कूड तसाच होता, सासूबाईंच्या वेळचा. मी अंगणवाडीतून येऊन हातपाय धुत होते तर तू दारात उभी, दोन्ही हातांत भिंतीचं एक ढेकूळ धरून, नातवंड आणल्यासारखी. वाटणी होऊन मधे विटांची भिंत आल्यापासून तू माझ्या दारात कामाशिवाय आली नव्हतीस, मीही तुझ्या आले नव्हते. कोणाचं काय चुकलं होतं ते आता आठवूनही नीट सांगता येत नाही. तुझ्या कुकरच्या शिट्ट्या मला ऐकू यायच्या, माझा खोकला तुला. तेवढंच नातं उरलेलं.

"बाय, बघ. तुझी बोटं," तू म्हणालीस.

वरचं सारवण गळून पडलं होतं आणि आतल्या थराला बोटांचे खड्डे दिसत होते, माती काठ्यांमधे दाबताना पडलेले. मी म्हटलं, "माझी कशावरून?"

"आतून तू बसली होतीस. ही आतली बाजू. बाहेरची माझी."

मी माझं बोट त्या खड्ड्यात घालून पाहिलं. बसलं नाही. तेव्हा नवरी होते, हात बारीक होते. आता अंगणवाडीच्या पातेल्यांनी सांधे सुजलेले. तू हसलीस, मीही हसले, आणि मग तू आत येऊन बसलीस, चहा घेतलास आणि म्हणालीस, "आपण एक बांधू या का?" मला वाटलं उन्हाने डोकं फिरलंय तुझं. ते ढेकूळ अजून माझ्या फडताळात आहे. त्याच्या खाली रोज माती झडते आणि रोज मी ती पुसते.

मग तू मला वरच्या वाडीवर नेलंस. गावात कोणाला कारवी कापायची कशी तेही आठवत नव्हतं. सगळ्यांचे स्लॅब, नाहीतर विटा. वाडीवरच्या ठमाबाय अंगणात सूप पाखडत होत्या. तू सांगितलंस कशासाठी आलो ते, तर त्यांनी सूप खाली ठेवलं आणि आधी पोटभर हसून घेतलं.

"तुमचे लोक आमाला नावं ठेवायचे गो. कुडातले म्हनायचे. पोरींना आमच्या शाळेत मागं बसवायचे. आता काय झाला? सिलापात उकडतंय?"

मला राग आला होता, खोटं कशाला बोलू. तू मात्र पदराने वारा घेत म्हणालीस, "उकडतं मावशी, लई उकडतं. आन् आमी पण कुडातल्याच. विसरलो एवढंच." मग त्यांनी कोरा चहा दिला आणि त्यांच्या हक्काच्या रानातली कारवी दाखवली. गेल्या पावसाळ्यात फुललेली, आता उभी वाळलेली. सात वर्षांनी एकदा फुलते आणि फुलली की मरते, तीच काठी घराला घ्यायची. हिरवी घेतली तर भुंगा पडतो. तू मोळी डोक्यावर घेऊन उतरलीस आणि वाटेत मला म्हणालीस, "बघ बाय, मरून कामाला येते." तेव्हा मी म्हटलं होतं, जास्त शहाणपणा करू नको, पाय बघून टाक. आता त्या वाक्याचा अर्थ काढायला गेले तर डोकं फिरतं, म्हणून काढत नाही.

आणि मग आपली ती पहिली भिंत! काय झोकात लिंपली होती. फार्महाऊसवाला पाहुणे घेऊन बघायला येणार, म्हणून सगळ्या बायका बाहेरच्या बाजूलाच तुटून पडल्या. गुळगुळीत केली, वर शेणाचा काला फिरवला, कमलने तांदळाच्या पिठाने झाडं काढली, मोर काढला. फोटो निघाले. आत नुसत्या काठ्या. म्हटलं आतलं करू सावकाश, कोण बघतंय. बाहेरचं खडखडीत वाळल्यावर आतून ओली माती दाबली आणि दुसऱ्या सकाळी बघतो तर बाहेरची अख्खी बाजू मोरासकट अंगणात आडवी. कमल रडायला लागली. दोन बायका तिथूनच घरी गेल्या, पुन्हा आल्या नाहीत. गणेश म्हणाला, "आता तरी पुरे करा."

तू त्या मातीत फतकल मारून बसलीस आणि हसत सुटलीस. मला वाटलं, गेली हिची. मग डोळे पुसून म्हणालीस, "बाय, आपल्याला सासूबायनी कसं बसवलं होतं गो?"

तेव्हा आठवलं. दोघींनाही एकदमच आठवलं. तू नवी नवरी आणि मी तुझ्याआधी वर्षभर आलेली, आपलं पटत नव्हतं, म्हशीच्या दुधावरूनही भांडायचो. सासूबाईंनी मला आत बसवलं आणि तुला बाहेर, मधे कारवी. म्हणाल्या, "एकीनं आतून, एकीनं भायेरून. एकाच टायमाला. ओल्याला ओला भेटला पायजे, नायतर भिंत धरायची नाय." मी माती दाबायची, तू पलीकडून दाबायचीस, काठ्यांच्या फटीत बोटाला बोट लागलं की समजायचं, इथलं भरलं, पुढे सरका. दोन जावा एकमेकींचं तोंड बघत नव्हत्या, पण भिंत उभी राहिली होती. सासूबाई मातीची भिंत घालत होत्या का आपल्याला सरळ करत होत्या, ते त्यांनीही कधी सांगितलं नाही. ह्या घराला न सांगायची चालच आहे.

त्यानंतर आपण तीन भिंती घातल्या. मी आत, तू बाहेर. गटातल्या बायकांना तू तशाच जोड्या लावून दिल्यास, तुटलेल्या जोड्या मुद्दाम. कमल आणि तिची नणंद, दोन वर्षं अबोला होता, त्यांना दक्षिणेच्या भिंतीच्या वरच्या अंगाला बसवलंस. मी म्हटलं, भांडणं होतील. तू म्हणालीस, "होऊ दे की. भांडायला बोलावं लागतं."

कुडाच्या पलीकडे माणूस दिसत नाही नीट. बुडापासून वर भरत जातं, तसतसा चेहरा झाकत जातो आणि मग नुसता आवाज राहतो. म्हणून असेल, पण आपण जे समोरासमोर कधी बोललो नाही ते तिथे बोललो. लग्नानंतर पहिल्या वर्षी तू मुरबाडला, माहेरी पळून जायला निघाली होतीस आणि सापगावपर्यंत चालत जाऊन परत फिरलीस, हे मला तिथे कळलं. मी विचारलं, "परत का फिरलीस?" तू म्हणालीस, "भाकऱ्या माझ्या पाळीच्या होत्या त्या दिवशी." भाऊजी गेले तेव्हा तू रडली नाहीस, सगळं गाव बोललं होतं. भिंतीमागे रडलीस. मी माती दाबत राहिले, तूही दाबत होतीस. मला मुलगी हवी होती, झाली नाही, हे मी ह्यांनासुद्धा कधी बोलले नाही. तुला बोलले. तू म्हणालीस, "मी हाय की." मी म्हटलं, "तू जाऊ आहेस, भवाने." तेव्हा तुझं बोट काठ्यांच्या फटीतून आलं आणि मला टोचून गेलं.

हे सगळं बोलायला आपल्याला भिंत लागली, अनसू. विटांची नव्हे, ही. मला याचं हसू येतं आणि लगेच रडू येतं, आणि दोन्हींतलं खरं कोणतं ते कळत नाही.

एक वाद मात्र राहिला. सिमेंटचा. मी म्हणत होते, बाहेरून बुडाला हातभर सिमेंट लाव. पावसाची झड तिथे बसते. दर वर्षी लिंपायचं म्हणजे कोण लिंपणार? आपले गुडघे बघ. तू म्हणायचीस, "कुडाला सिमेंट धरत नाय बाय. काठी हलते, माती तिच्यासंगं हलते. सिमेंट अडून बसतं. एक पावसाळा, की पोपडा."

"धरतं. माझ्या भावाने लावलंय मुरबाडला."

"मग तुझ्या भावाच्याच घरात जाऊन राहा."

"अगं, पक्कं काम करून टाकलं की कटकट संपली."

तेव्हा तू हातात माती घेतली होतीस. थांबलीस. म्हणालीस, "भिंत पक्की झाली तर तू कशाला येशील?"

मी म्हटलं, "बाजूला तर राहते. यायला मुहूर्त लागतो का?" तू खाली वाकलीस. माती दाबायला लागलीस. मीही पुढचं काही विचारलं नाही, वाटलं, ही नेहमीसारखी वाद टाळतेय. वाद मी जिंकले असं धरून चालले. तुझ्याबरोबरचे सगळे वाद मी असेच जिंकलेत, तू गप्प बसायचीस म्हणून.

मग वैशाखात तू पोट धरून बसलीस. प्राजक्ता आता सांगते, शिमग्यापासूनच तुझं जेवण तुटलं होतं, ताटातली भाकरी कोंबड्यांना जायची. मला भिंतीपलीकडून काय कळणार? गणेशने जीप आणली, कल्याणला न्यायचं ठरलं. आम्ही तुला धरून बसवत होतो, माझ्या मनात काय काय होतं, काहीतरी धीराचं बोलावं, देवाचं नाव घ्यावं. तू माझा दंड धरलास. मला वाटलं, आता ही सांगणार. आणि तू म्हणालीस, "बाय, चिखल झाकून ठेव. सुकंल."

एवढंच. हे तुझं माझ्याशी शेवटचं बोलणं. कल्याणहून तू आलीस ती बोलायच्या पलीकडे गेलेली. पश्चिमेच्या भिंतीसाठी मळून ठेवलेला चिखल होता तो. मी झाकला. सुतकात घरभर बायका रडत होत्या, आणि मी सकाळ-संध्याकाळ मागे जाऊन गोणपाट भिजवून त्यावर टाकत होते. लोकांना वाटलं असेल, मोठी जाऊ कोरडीच आहे. वाटू दे. चिखल सुकू दिला नाही.

तेरावं झालं आणि मी घर नीट बघायला गेले. गणेशला उत्तर द्यायचं होतं. दक्षिणेच्या भिंतीला बाहेरून हात लावत चालले होते, तुझी बाजू म्हणून. बुडाशी वाकले, नखाने सहज खरवडलं. माती येईना. पुन्हा खरवडलं. वर पातळ सारवण आणि त्याच्या आत करडं, टणक. हातभर उंच, ह्या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत.

अनसू, सिमेंट!

मी तिथेच खाली बसले. प्राजक्ता दोरीवरचे कपडे काढत होती. तिला हाक मारली, विचारलं. तिने हातातले कपडे खांद्यावर टाकले. मग म्हणाली, "आईंनीच लावलं. संडासाच्या कामातली अर्धी गोण उरली होती ना, ती. तुमी मुरबाडला भावाकडे गेलेलात तेव्हा. वरनं परत शेणमाती फिरवली. मला म्हणाल्या, मोठ्या आईला सांगू नको."

"का?"

"काय माहीत. हसल्या नुसत्या."

हसलीस! मी तिकडे भावाच्या घराचं सिमेंट न्याहाळत बसलेले आणि तू इकडे माझ्याच म्हणण्याचं सिमेंट चोरून लावत होतीस. का? तूच म्हणाली होतीस ना, धरत नाही म्हणून? तूच म्हणाली होतीस ना, पक्की झाली तर कशाला येशील?

मी सगळ्या बाजूंनी विचार करून पाहिला. तुला कळलं होतं का, पुढच्या वर्षी बाहेरून लिंपायला तू नसणार? म्हणून माझ्या गुडघ्यांची सोय करून गेलीस? तसं असेल तर तुला सगळं ठाऊक होतं, आणि भिंतीपलीकडून सापगाव सांगितलंस, भाऊजी सांगितलेस, आणि एवढंच सांगितलं नाहीस. ह्याचा मला इतका राग येतो की तुझा फोटो उलटा करून ठेवावासा वाटतो. की माझी खोड मोडायला लावलंस? एका पावसात पोपडा पडेल, मग बाय येईल, कपाळावर हात मारील, आणि मी म्हणेन, बघ, सांगत होते. तेही तुझ्या स्वभावात बसतं. की नुसतं माझं मन राखलंस, आणि मी फुशारेन म्हणून सांगितलं नाहीस?

कमलला विचारलं. ती म्हणाली, "त्यात काय एवढं! कोंबड्या बुडाशी उकरायच्या, म्हणून लावलं असंल."

कोंबड्या, अनसू. मी रात्रंदिवस डोकं पिकवतेय आणि कदाचित ते कोंबड्यांसाठी असेल.

गणेशला मी शेवटी एवढंच सांगितलं, "पश्चिमेची भिंत आधी होऊ दे. घर कोणाचं ते मग बघू. अर्ध्या भिंतीच्या घरावर कोणी हक्क सांगू नका." तो म्हणाला, "आन् बाहेरच्या बाजूला कोण बसंल? आईची जागा." मी कमलचं नाव घेणार, तेवढ्यात प्राजक्ता म्हणाली, "उद्या माझी सुट्टी आहे." वाशिंदच्या कंपनीत दिवसभर डब्यांना लेबलं चिकटवते ती. नखांना रंग. मी म्हटलं, "ये."

आज सकाळी गोणपाट काढलं. चिखल अगदी जसा हवा तसा होता, मऊ, आंबूस वासाचा. तू मळलेला. मी आत बसले. बाहेरून आवाज आला, "मोठी आई, हातमोजे घालू का?"

"नवरी आहेस का डॉक्टरीण? हात घाल."

सुरुवात केली. मी दाबतेय, पलीकडून काहीच येईना. पोरगी गिलावा थोपटत होती, बाळाला निजवल्यासारखा. माझी माती नुसतीच पलीकडे जाऊन पडायची. मी ओरडले, "दाब गो! जोर मेला का तुझा?" आणि बोलल्यावर जीभ चावली, कारण तुला मी हेच म्हणायची, ह्याच शब्दांत. बाहेर बांगड्या मागे सारल्याचा आवाज आला. मग पलीकडून एक रेटा आला, चांगला, आणि काठ्यांच्या फटीत माझ्या बोटाला बोट लागलं.

तुझं नव्हतं. लांब होतं, मऊ होतं. मी दाबून धरलं. तिनेही काढून घेतलं नाही. इथलं भरलं, आता पुढे सरकायचं, हे मला कळत होतं, तरी मी थोडा वेळ सरकले नाही.

भिंत गुडघ्याएवढी आली तेव्हा तिने विचारलं, "मोठी आई, आईंनी तुम्हाला काय सांगितलं होतं? घर कोणासाठी बांधतोय?" खरं सांगू, तर मलाच ठाऊक नाही. मग माझ्या तोंडून निघालं, "चिखल घट्ट झालाय. पाणी घाल." आणि ती हसली, अगदी तुझ्यासारखी, नुसतीच. मला वाटतं तुलाही तेव्हा काही ठाऊक नसेल. प्रत्येकाला वेगळं सांगत होतीस ते लपवायला नाही, तू अजून ठरवत असशील. हे माझं आजचं मत आहे. उद्या बदलेल.

संध्याकाळी भिंत भरली. वरच्या फटीतून तिचे डोळे तेवढे दिसत होते. ती म्हणाली, "बुडाला सिमेंट लावायचं का हिच्या? गोणीत थोडं उरलंय." मी नको म्हटलं. तीन भिंती होईपर्यंत ज्याच्यासाठी तुझ्याशी भांडले, त्याला मीच नको म्हटलं. तिने विचारलं नाही का म्हणून. म्हणाली, "मग पुढच्या वर्षी परत बसावं लागेल आपल्याला." मी म्हटलं, "बसू."

आता पाऊस सरला की मी दक्षिणेच्या भिंतीचं बूड बघायला जाणार. सिमेंट धरून राहिलं असेल तर माझं खरं ठरेल, आणि मग मी असंच धरीन की तू सगळं जाणून, गप्प राहून, माझी सोय लावून गेलीस. पोपडा पडला असेल तर तुझं खरं, आणि मग मी असं धरीन की तू नुसती माझ्याशी भांडत होतीस, पुढच्या वर्षीही भांडायला आपण असणार असं समजून. भिंतीवरून माणसाच्या मनातलं ओळखता येत नाही, एवढं मला कळतं. कावळ्यावरूनही येत नाही. तरी मी रोज दिवा लावताना देवाला एकच सांगतेय, बाकी काही मागत नाही.

पोपडा पडू दे. तुझ्याशी घातलेला एकही वाद मी आजवर हरलेले नाही, अनसू. हा एवढा हरू दे गो मला.